प्रार्थनेला चाल देणारे संगीतकार : वसंत देसाई

गोंदिया जिल्ह्याच्या देवरी तालुक्यातील चिचगड हे महाराष्ट्राच्या अगदी पूर्वेकडचे, जंगलाच्या कुशीतले गाव. तेथून छत्तीसगडची हद्द जवळ आणि मुंबई फार दूर. अशा आडबाजूच्या गावापासून ते महानगरातील मिशनरी शाळांपर्यंत, सकाळची घंटा झाल्यानंतर मुले रांगेत उभी राहून ज्या प्रार्थना म्हणतात, त्यांत हिंदी चित्रपटांतून आलेल्या दोन प्रार्थनांना कायमचे स्थान मिळाले आहे. एक ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ आणि दुसरी ‘हम को मन की शक्ति देना’. आपल्या कॅथोलिक शाळांमध्ये, धर्मग्रामांच्या मेळाव्यांत, युवकांच्या शिबिरांत या प्रार्थना इतक्या वेळा गायिल्या गेल्या आहेत, की त्या एखाद्या धर्मगुरूंनी किंवा धर्मभगिनींनीच रचल्या असाव्यात असे अनेकांना प्रामाणिकपणे वाटते. गीतपुस्तिकांमध्ये शब्द छापलेले असतात. चाल कोणाची, हे मात्र बहुतेक ठिकाणी छापलेले नसते. या दोन्ही चाली एकाच माणसाच्या आहेत. त्यांचे नाव वसंत देसाई.

देसाई ख्रिस्ती नव्हते. कोकणातल्या हिंदू घरात ते जन्मले आणि वाढले. तरीही त्यांचा जीवनप्रवास आपल्या वाचकांपुढे ठेवावा असे वाटण्याची दोन कारणे आहेत. पहिले वर आलेच. दुसरे असे, की त्यांच्या संगीताने नटलेल्या एका चित्रपटाला युरोपात आपल्याच जागतिक कॅथोलिक चित्रपट संघटनेने गौरविले होते, आणि ही गोष्ट आपल्यापैकी फारच थोड्यांना ठाऊक आहे. तिच्याकडे पुढे येऊ.

९ जून १९१२ रोजी त्यावेळच्या सावंतवाडी संस्थानाच्या परिसरातील, कुडाळजवळच्या सोनवडे या गावी वसंत देसाई यांचा जन्म झाला. हा भाग आज सिंधुदुर्ग जिल्ह्यात येतो. २००५ साली पुणे धर्मप्रांतातून वेगळ्या झालेल्या सिंधुदुर्ग धर्मप्रांताचाही तो भाग आहे. त्या काळच्या कोकणात नाट्यगृह नव्हते, ग्रामोफोन हा श्रीमंताघरचा चमत्कार होता. पण देवळाच्या जत्रेत रात्रभर चालणारा दशावतार होता, भजनाचे फड होते. झाडीपट्टीतल्या आपल्या वाचकांना दंडार आणि खडी गंमत म्हटले की जे डोळ्यांपुढे उभे राहते, साधारण तसेच हे जग. दशावतारात लिहिलेली संहिता नसते. पायपेटी, मृदंग आणि झांज एवढ्या सामग्रीवर युद्ध, वनवास, स्वयंवर, मृत्यू असे सर्व काही उभे करावे लागते. पात्राने पाऊल टाकले की मृदंगावर थाप पडते आणि त्या एका थापेने प्रेक्षकाला कळते, की आलेला देव आहे की राक्षस. पुढे चित्रपटातल्या प्रसंगाला नेमका आणि मोजका आवाज देण्याची जी हातोटी देसाईंमध्ये दिसली, तिचे मूळ या जत्रांमध्ये असावे असे आम्हांस वाटते.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे तिचे पाच भागीदार. त्याच वर्षी सतरा वर्षांचे वसंत देसाई प्रभातमध्ये दाखल झाले. चित्रपट तेव्हा मुका होता, त्यामुळे संगीतकाराला तेथे काही कामच नव्हते. १९३० सालच्या ‘खुनी खंजर’ या मूकपटात त्यांनी भूमिका केली. प्रभातची रीत अशी, की कोणीही कोणतेही काम करावे. नटाने सामान उचलावे आणि सामान उचलणाऱ्याने वेळ पडल्यास तोंडाला रंग लावावा. देसाईंनी पडेल ते काम केले. आजच्या भाषेत बोलायचे तर त्यांचे शिक्षण कोणत्याही संस्थेत झाले नाही, कारखान्यात झाले.

१९३२ साली प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतला पहिला बोलपट आला. संगीत गोविंदराव टेंबे यांचे. हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांचीच, आणि तारामती दुर्गा खोटे. या चित्रपटात वसंत देसाई यांचा गाता आवाज ऐकू येतो. त्या सुरुवातीच्या काळात आजच्यासारखे गाणे आधी ध्वनिमुद्रित करून नंतर चित्रित करण्याची सोय नव्हती. नट कॅमेऱ्यापुढे गात असे आणि वादक कॅमेऱ्याच्या कक्षेबाहेर, कुठे पडद्याआड तर कुठे खांबामागे बसून साथ करीत. मायक्रोफोन एकच, तोही लपविलेला. नट चार पावले दूर गेला की त्याचा आवाज खाली जाई. तबलजी मायक्रोफोनजवळ बसला की गाणे बुडून जाई. कोणते वाद्य कोठे बसवायचे, कोणाला किती दाबून वाजवायला सांगायचे, शांतता कोठे सोडायची, हा तेव्हाच्या संगीतकारासाठी कलेइतकाच अंतर मोजण्याचा प्रश्न होता. प्रभातमध्ये ध्वनिविभागाची जबाबदारी स्वतः दामले यांच्याकडे होती आणि त्यांची शिस्त कडक. आज ज्याला ध्वनिसंयोजन म्हणतात, त्याला तेव्हा वेगळे नाव नव्हते. संगीतकार आणि ध्वनिमुद्रक मिळून ते काम करीत. देसाई ते पाहत, ऐकत, शिकत होते.

१९३३ साली प्रभात पुण्याला गेली. टेंबे यांच्यानंतर केशवराव भोळे आणि मास्टर कृष्णराव असे दोन थोर संगीतकार तेथे आले, आणि देसाई साहाय्यक म्हणून त्यांच्या हाताखाली राहिले. तीन गुरू, तीन स्वभाव. टेंबे संगीत रंगभूमीच्या सुवर्णकाळातले, भोळे भावगीताकडे आणि नव्या प्रयोगांकडे ओढा असलेले, मास्टर कृष्णराव तर भास्करबुवा बखले यांचे शिष्य. १९३७ च्या ‘कुंकू’ मध्ये शांतारामबापू आणि भोळे यांनी एक धाडस केले. चित्रपटात पार्श्वसंगीत असे ठेवलेच नाही. घड्याळाची टिकटिक, रस्त्यावरून येणारे आवाज, घरातल्या वस्तूंचे आवाज यांवरच सारा परिणाम साधला. म्हाताऱ्या नवऱ्याच्या घरातले ते घड्याळ ज्यांनी ऐकले आहे ते विसरणार नाहीत. प्रभातमध्ये उमेदवारी करणाऱ्या तरुण साहाय्यकाला यापेक्षा मोठा धडा कोणता मिळणार? संगीतकाराने कोठे वाजवायचे नाही, हे त्याला शिकावेच लागते. साहाय्यक म्हणून ही वर्षे बरीच झाली. स्वतःच्या नावाची पाटी लागण्यासाठी त्यांना तिशी गाठावी लागली, आणि याबद्दल त्यांनी घाई केल्याचे दिसत नाही.

शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि १९४२ साली त्यांनी मुंबईत परळला राजकमल कलामंदिर उभे केले. देसाई त्यांच्याबरोबर आले. १९४३ चा ‘शकुंतला’ हा राजकमलचा पहिला चित्रपट आणि त्याचे संगीतकार वसंत देसाई. त्यानंतर ‘पर्बत पे अपना डेरा’, सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांच्या चीनमधील सेवेवरचा ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ (१९४६), ‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७), ‘दहेज’ (१९५०) असे चित्रपट एकामागून एक आले. बाहेरच्या निर्मात्यांसाठीही त्यांनी काम केले. सोहराब मोदींचा ‘झाँसी की रानी’ (१९५३) हा टेक्निकलरमधला भव्य चित्रपट त्यांचाच. या सर्वांचा तपशील येथे देत नाही. परंतु १९५१ च्या ‘अमर भूपाळी’पाशी थांबलेच पाहिजे.

पेशवाईच्या अखेरच्या काळातील शाहीर होनाजी बाळा यांच्या जीवनावरचा हा चित्रपट. होनाजीची भूपाळी देसाईंनी पंडितराव नगरकर आणि लता मंगेशकर यांच्या आवाजांत स्वरबद्ध केली आणि ती महाराष्ट्राच्या पहाटेचा भाग होऊन गेली. हिंदू घरांत ती देवाला जागविणारी म्हणून ऐकली जाते. आमच्या कित्येक ख्रिस्ती घरांतही आकाशवाणीच्या प्रातःकालीन प्रसारणातून ती दिवसाची सुरुवात करून देत असे. चित्रपट १९५२ साली कान येथील महोत्सवात स्पर्धेत होता आणि त्याच्या ध्वनिमुद्रणाला फ्रान्सच्या राष्ट्रीय चित्रपट केंद्राने पारितोषिक दिले. हे श्रेय अर्थातच ध्वनिमुद्रक ए. के. परमार यांचे. परंतु ध्वनिमुद्रकाला स्वच्छ आवाज मिळण्यासाठी संगीतकाराने त्याच्या पुढे वाद्यांची गर्दी करून चालत नाही, आणि देसाईंनी ती कधीच केली नाही. राजकमल पुढे ध्वनीच्या बाबतीत देशातील अव्वल जागांपैकी एक ठरले. ‘शोले’सारख्या चित्रपटाचे ध्वनिमिश्रण करणारे मंगेश देसाई याच वास्तूत नावारूपाला आले.

मुंबईच्या चित्रपटसंगीतात गोव्याच्या कॅथोलिक वादकांचे योगदान किती मोठे आहे, हे आपल्या वाचकांस सांगावयास नको. सेबास्तियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस, चिक चॉकलेट या नावाने प्रसिद्ध असलेले आंतोनियो झेव्हियर वाझ यांच्यासारख्यांनी चर्चच्या शाळांतून आत्मसात केलेले पाश्चात्त्य स्वरलेखन आणि व्हायोलिन, ट्रम्पेट, सॅक्सोफोन यांचे ज्ञान स्टुडिओंत आणले, आणि पन्नासच्या दशकात मोठमोठे वाद्यवृंद हिंदी गाण्यामागे उभे राहू लागले. देसाईंचा पिंड वेगळा होता. ज्या काळात पन्नास-साठ व्हायोलिने हे यशाचे लक्षण मानले जाई, त्या काळात ते बासरी, सतार, जलतरंग, सनई, पखवाज यांवर विसंबून राहिले. काही समीक्षकांना हे जुनाट वाटले. आमचेही प्रांजळ मत असे, की त्यांच्या काही पौराणिक चित्रपटांत हा साधेपणा थोडा एकसुरी होतो. पण जेथे तो साधला तेथे त्याला तोड नाही.

‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) हे त्याचे उदाहरण. नृत्य हाच ज्याचा विषय, त्या चित्रपटात शीर्षकगीत गायिले उस्ताद अमीर खाँ यांनी, तबला सामता प्रसाद यांचा. तेव्हा ऐन तारुण्यात असलेल्या शिवकुमार शर्मा यांचे संतूर याच चित्रपटातून पडद्यावर प्रथम ऐकू आले. काश्मीरच्या सूफी गायनाची साथ करणारे हे वाद्य बाकीच्या देशाला तेव्हा जवळजवळ अपरिचित होते. याच चित्रपटासाठी परमार यांना ध्वनिमुद्रणाचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. चार वर्षांनी विजय भट्ट यांच्या ‘गूँज उठी शहनाई’ मध्ये देसाईंनी उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांची सनई चित्रपटात आणली. अशा कलावंतांच्या पुढे संगीतकाराने नम्र राहावे लागते. आपली चाल त्यांच्यावर लादता येत नाही. अमीर खाँ आणि बिस्मिल्ला खाँ या दोघांनीही देसाईंसाठी काम केले, यातच त्यांच्या स्वभावाची साक्ष आहे.

१९५३ साली आचार्य अत्रे यांचा ‘श्यामची आई’ प्रदर्शित झाला. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळविणारा तो देशातला पहिला चित्रपट, आणि त्याचे संगीत वसंत देसाई यांचे. साने गुरुजींचे पुस्तक आपल्या घरांतही मोठ्या प्रेमाने वाचले गेले आहे. त्यातील द्रौपदी आणि तिचा बंधू श्रीकृष्ण यांचे आशा भोसले यांच्या आवाजातले गाणे ऐकताना आजही डोळे भरून येतात. आणि ते वाद्यांच्या जोरावर नव्हे.

आता १९५७. ‘दो आँखें बारह हाथ’.

या चित्रपटाचे कथाबीज महाराष्ट्राच्याच मातीतले होते. औंध संस्थानच्या पंतप्रतिनिधींनी आटपाडीच्या परिसरात स्वतंत्रपूर नावाची एक मुक्त वसाहत सुरू केली होती. तेथे शिक्षा झालेल्या कैद्यांना भिंतीविना, बेड्यांविना, शेती करून राहू दिले जाई. या प्रयोगामागे मॉरिस फ्रीडमन या पोलंडहून आलेल्या अभियंत्याची प्रेरणा होती. ग. दि. माडगूळकर यांनी त्यावरून कथा लिहिली. आदिनाथ नावाचा जेलर सहा खुनी कैद्यांना एका ओसाड जागी घेऊन जातो आणि त्यांना माणूस म्हणून वागविण्याचे ठरवितो. दंडुका नाही, साखळी नाही. त्यांच्यावर लक्ष ठेवतात ती फक्त त्याची दोन डोळ्यांची विश्वासाची नजर. ही भूमिका शांताराम यांनी स्वतः केली आणि बैलाशी झुंजण्याच्या प्रसंगाच्या चित्रीकरणात त्यांच्या डोळ्याला गंभीर दुखापत झाली. प्रभू येशूने तुरुंगातील बंदिवानाला भेटण्याविषयी मत्तयच्या शुभवर्तमानाच्या पंचविसाव्या अध्यायात जे सांगितले आहे, ते मनात ठेवून हा चित्रपट पाहावा. तुरुंगसेवेत कार्य करणाऱ्या आपल्या बंधुभगिनींनी तर तो जरूर पाहावा.

या कथेत प्रार्थना हवी होती. भरत व्यास यांनी ती लिहिली आणि देसाईंपुढे एक अवघड प्रश्न उभा राहिला. म्हणणारे कोण? सहा खुनी, एक जेलर आणि खेळणी विकणारी एक गरीब बाई. त्यांच्यापैकी कोणी गवई नाही, कोणी भक्त नाही. चाल फार शास्त्रीय झाली तर ती त्यांच्या तोंडी शोभणार नाही. फार चटपटीत झाली तर ती प्रार्थना राहणार नाही. देसाईंनी भैरवीचा आधार घेतला, पण तिच्यातली हरकतींची श्रीमंती बाजूला ठेवली. ओळी छोट्या, श्वास घेण्यास मध्ये जागा, चढ-उतार सामान्य गळ्याला पेलतील एवढेच. लता मंगेशकर यांच्या आवाजामागे समूहाचा आवाज येतो, तो सजावट म्हणून येत नाही. म्हणता येत नसलेली माणसेही हळूहळू म्हणू लागली आहेत असे वाटते. चित्रपटाच्या अखेरीस जेलर मरणाच्या दारात असतो तेव्हा हीच प्रार्थना पुन्हा ऐकू येते, आणि तेच स्वर आता वेगळे ऐकू येतात.

या प्रार्थनेत देवाचे कोणतेही एका धर्माचे नाव नाही. मालिक एवढेच म्हटले आहे. वाइटाच्या बदल्यात चांगले करण्याचे बळ तिच्यात मागितले आहे. डोंगरावरील प्रवचन ज्याने ऐकले आहे त्याला हा विचार परका कसा वाटेल? म्हणूनच दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर जेव्हा ख्रिस्तसभेच्या उपासनेत लोकभाषेला आणि देशी संगीताला मोकळी वाट मिळाली, तेव्हा अशी गीते आपल्या शाळांच्या सभागृहांत सहज सामावली. फादर थॉमस स्टीफन्स यांचे ओवीबद्ध ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली प्रसिद्ध झाले, रेव्हरंड ना. वा. टिळकांनी अभंग आणि भजने रचली. मराठी ख्रिस्ती माणसाला देशी चालीत देवाशी बोलण्याची सवय जुनीच आहे.

राष्ट्रपतींचे सुवर्णपदक या चित्रपटाला मिळाले. १९५८ च्या बर्लिन महोत्सवात त्याला रौप्य अस्वलाचे विशेष पारितोषिक लाभले आणि त्याच महोत्सवात आंतरराष्ट्रीय कॅथोलिक चित्रपट संघटनेचा, म्हणजे ‘ओसिक’चा पुरस्कारही देण्यात आला. १९२८ साली स्थापन झालेली ही संघटना २००१ साली ‘सिग्निस’ मध्ये विलीन झाली. मानवी प्रतिष्ठा आणि आध्यात्मिक मूल्ये यांचा आदर करणाऱ्या चित्रपटांची ती महोत्सवांतून निवड करीत असे. व्हॅटिकन परिषद भरण्यापूर्वी चार वर्षे, एका ख्रिस्ती नसलेल्या दिग्दर्शकाच्या, हिंदू संगीतकाराच्या, मराठी मातीतल्या कथेत कॅथोलिक परीक्षकांना गौरवावे असे काही दिसले होते. पुढील वर्षी अमेरिकेतील गोल्डन ग्लोबचा सॅम्युएल गोल्डविन पुरस्कारही या चित्रपटास मिळाला. एवढे सारे झाले, पण प्रार्थनेचा चालकार या पुरस्कारांच्या बातम्यांत कोठे ठळकपणे आला नाही.

त्यानंतर शांताराम यांच्याशी असलेली दीर्घ सोबत विरळ झाली. १९५९ च्या ‘नवरंग’ला संगीत सी. रामचंद्र यांचे होते. पुढे ‘इये मराठीचिये नगरी’ आणि ‘लडकी सह्याद्री की’ या चित्रपटांसाठी दोघे पुन्हा एकत्र आले. दुसऱ्यात पंडित जसराज यांच्या आवाजाचा त्यांनी उपयोग केला. मराठी रंगभूमीकडेही ते वळले. ‘पंडितराज जगन्नाथ’, ‘जय जय गौरीशंकर’ ही नाटके त्यांच्या चालींनी गाजली. बाळ कोल्हटकरांच्या ‘देव दीनाघरी धावला’ साठी त्यांनी कुमार गंधर्व आणि त्या वेळी फारशा कोणाला ठाऊक नसलेल्या वाणी जयराम यांना एकत्र गावयास लावले. कुमारांसारख्या स्वयंभू गायकाकडून नाटकासाठी युगुलगीत गाऊन घेणे हे येरागबाळ्याचे काम नव्हते.

चीनच्या आक्रमणानंतरच्या वातावरणात, १९६३ च्या ‘छोटा जवान’ मधील त्यांचे समरगीत शाळाशाळांतून घुमले. समूहगायनाची त्यांना मनापासून आवड होती. मुलांच्या मोठ्या समुदायाला एका सुरात गाताना ऐकणे हा त्यांचा आनंद होता, आणि उत्तरायुष्यात त्यासाठी त्यांनी पुष्कळ वेळ दिला.

युद्धाला स्फुरण देणारी चाल करणाऱ्या याच संगीतकाराने विश्वशांतीच्या गीतालाही चाल दिली. २३ ऑक्टोबर १९६६ रोजी न्यूयॉर्क येथे संयुक्त राष्ट्रसंघाच्या सभागृहात एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांचे गायन झाले. त्यासाठी कांचीचे शंकराचार्य चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांनी संस्कृतात एक मैत्रीगीत रचले होते. राष्ट्रांनी एकमेकांशी स्नेहाने वागावे, युद्ध आणि स्पर्धा सोडावी असा त्याचा आशय. सुब्बुलक्ष्मी यांनी गायिलेल्या या गीताची चाल कोकणातल्या वसंत देसाई यांची. सुमारे एक वर्ष आधी, ४ ऑक्टोबर १९६५ रोजी, पोप सहावे पॉल यांनी त्याच संघटनेपुढे युद्धाविरुद्ध कळकळीचे आवाहन केले होते. योगायोगच, पण नोंद घ्यावी असा.

साठीच्या दशकात त्यांनी आवाजाचे काही विलक्षण प्रयोग केले. सुनील दत्त यांचा ‘यादें’ (१९६४) हा चित्रपट एकाच पात्राचा. घरी परतलेल्या माणसाला पत्नी आणि मुले निघून गेल्याचे दिसते आणि तो एकटाच भिंतींशी बोलत राहतो. बाकीची माणसे दिसतच नाहीत, त्यांचे आवाज तेवढे येतात. अशा चित्रपटात पडद्यावर दिसणाऱ्या माणसाइतकेच महत्त्व न दिसणाऱ्या आवाजाला येते. येथे देसाईंचे संगीत कधी पुढे होते आणि कधी अंग चोरून मागे सरते, हे कान देऊन ऐकण्यासारखे आहे. ध्वनिमुद्रणाचे फिल्मफेअर पारितोषिक या चित्रपटाला मिळाले, ते एसा सुरतवाला यांना. १९६८ च्या ‘आशीर्वाद’ मध्ये हरिंद्रनाथ चट्टोपाध्याय यांचे आगगाडीवरचे बालगीत त्यांनी अशोककुमार यांच्याकडून म्हणवून घेतले. त्यात गाणे कमी आणि रुळांवरची लय जास्त. १९७३ साली गुलजार यांच्या ‘अचानक’ मध्ये तर एकही गाणे नव्हते. ज्या संगीतकाराची ओळख गाण्यांनी झाली, त्याने केवळ पार्श्वसंगीतावर तो चित्रपट पेलला. ‘कुंकू’च्या काळातला धडा छत्तीस वर्षांनीही त्यांच्यापाशी होता.

‘गुड्डी’ आला १९७१ साली. हृषीकेश मुखर्जी यांच्या या चित्रपटाच्या आरंभीच शाळेतील प्रार्थनेचा प्रसंग आहे. गुलजार यांचे शब्द, केदार रागाची छाया, आणि आवाज वाणी जयराम यांचा. बँकेतील नोकरी सांभाळून गाणे शिकणाऱ्या या दाक्षिणात्य गायिकेला हिंदी चित्रपटात देसाईंनीच आणले. याच चित्रपटातील त्यांचे मल्हार रागातले गाणे अधिक गाजले आणि त्यांना पुरस्कार मिळवून देऊन गेले. पण शाळांनी उचलली ती प्रार्थना. दुसऱ्याला जिंकण्याआधी स्वतःला जिंकण्याचे बळ तिच्यात मागितलेले आहे. चित्रपटातल्या वर्गासाठी केलेली चाल काही वर्षांतच खऱ्या वर्गांत जाऊन बसली. वाणी जयराम पुढे दक्षिणेत फार मोठ्या झाल्या आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये निवर्तल्या.

२२ डिसेंबर १९७५. नाताळला तीन दिवस होते. मुंबईत दिवसभराचे ध्वनिमुद्रण आटोपून वसंत देसाई घरी परतले आणि राहत्या इमारतीच्या उद्वाहनात झालेल्या अपघातात त्यांचा अंत झाला. ते ६३ वर्षांचे होते. त्यांनी संगीत दिलेला ‘शक’ हा चित्रपट दुसऱ्या वर्षी, १९७६ मध्ये प्रदर्शित झाला. त्यातली गाणीही गुलजार यांचीच होती, आणि श्रेयनामावलीत संगीतकार म्हणून वसंत देसाई यांचे नाव होते.